माडावरचा गेंड्या भुंगा

वाचकहो, माडाची झावळी कात्रीने कापल्यासारखी दिसली, की कोकणातले पोरही सांगेल, "गेंड्या भुंगा लागला!" शेंड्यातला न उघडलेला कोंब तो कुरतडतो, काप दिसतात ते झावळी उघडल्यावर. तोवर चोर पसार झालेला असतो. परसात चारच माड असलेल्या घराचा एक माड गेला म्हणजे काय, हे सांगावयास नको.

याच भुंग्याने प्रशांत महासागरातल्या सामोआ बेटांवर काय केले, ते पाहा. १९०९ साली सिलोनहून, म्हणजे आजच्या श्रीलंकेहून, रबराची रोपे नेली, त्यांच्याबरोबर हा पाहुणा गेला. तेथे तेव्हा जर्मनांचा अंमल होता, आणि खोबरे हा तर मुख्य माल. सरकारने भुंगे व अळ्या वेचून देण्याची सक्ती केली. माणसे वेचीत राहिली, भुंगे वाढत राहिले. यात नवल ते काय? भुंगा खातो माडावर, पण जन्मतो भलतीकडेच! मादी अंडी घालते कुजक्या ओंडक्यात, मेलेल्या माडाच्या खोडात, शेणखतात. हुमणीसारखी वळलेली पांढरी अळी तेथे महिनोन् महिने पोसते. एवढ्या जागा उकरणार कोण?

वाट सापडली ती १९६३ साली, मलायात. ह्यूगर नावाच्या जर्मन शास्त्रज्ञाला तेथल्या अळ्यांत एका विषाणूचा रोग आढळला. १९६७ साली तो विषाणू सामोआत मुद्दाम सोडला. गंमत अशी, की रोगट भुंगा लगेच मरत नाही. तो उडतो, इतर भुंग्यांत मिसळतो, अंड्यांच्या जागी जातो आणि रोग घरपोच करतो! माणसांच्या वेचणीने जे साधले नाही, ते भुंग्याकडूनच करवून घेतले. नुकसान पुष्कळ उतरले. आपल्याकडे लक्षद्वीपच्या मिनिकॉय बेटावरही १९८० नंतरच्या दशकात हाच उपाय झाला.

पण २००७ साली हा भुंगा ग्वाम बेटावर आढळला, आणि तिथल्या वाणाला तो विषाणू फारसा बाधत नाही, असे पुढे दिसून आले. तेव्हा जुनी कामे काही सुटलेली नाहीत. शेणखताचा खड्डा वरचेवर उलथावा. अळ्या निघतील त्या कोंबड्यांना टाकाव्यात, त्या आवडीने टिपतात. पडलेला माड बागेत कुजत ठेवू नये. शेंड्यात शिरलेला भुंगा लोखंडी आकड्याने ओढून काढावा, पण कोंबाला जपून. आणि गुरुजी, शाळेजवळ उकिरडा असेल तर एक दिवस मुलांकडून तो उकरून घ्याच.