त्रैराशिक आणि सीहोरची शाळा



१२ गवंडी एक भिंत १० दिवसांत बांधतात, तर १५ गवंडी तीच भिंत किती दिवसांत बांधतील? हे गणित फळ्यावर लिहून मी मागे वळलो, की भोपाळच्या माझ्या वर्गातून दरवर्षी न चुकता एक उत्तर येते : साडेबारा दिवस. माणसे वाढली आणि कामही लांबले! मुलाचा गुणाकार बरोबर असतो, भागाकारही बरोबर असतो. चुकलेले असते ते त्याआधीचे काही.

या रीतीला आपल्या पूर्वजांनी त्रैराशिक हे नाव दिले. तीन राशी ठाऊक, चौथी काढावयाची. आर्यभटाने इ. स. ४९९ च्या सुमारास हा नियम एका आर्येत बसविला आणि भास्कराचार्यांनी ११५० साली लीलावतीत त्याला ऐसपैस जागा दिली. प्रमाण, फळ आणि इच्छा अशी तीन राशींची नावे. इच्छेला फळाने गुणावे, प्रमाणाने भागावे. अडीच पळे केशर निष्काच्या तीन-सप्तमांश भागाला मिळते, तर ९ निष्कांना किती? उत्तर साडेबावन्न पळे. (केशराचा असा हिशेब करणारा विद्यार्थी आमच्या वर्गातल्यापेक्षा सुखवस्तू असावा!)

परंतु भास्कराचार्य तेथे थांबत नाहीत. इच्छा वाढली असता जेथे फळ घटते, आणि ती घटली असता जेथे फळ वाढते, तेथे व्यस्त त्रैराशिक जाणावे, असे ते सांगतात. ७ आढकांच्या मापाने धान्याची रास मोजली, तेव्हा १०० मापे भरली. ५ आढकांच्या मापाने किती भरतील? १४०. रास तीच, माप लहान झाले, मापांची संख्या वाढली. गुणण्यापूर्वी आधी राशीकडे पाहा, असा हा पाठ आहे, आणि माझ्या वर्गात चुकते ते नेमके येथेच.

ही लीलावती एके काळी आमच्या अगदी शेजारी, मराठी माणसांच्या हातून, पाश्चात्य गणिताला येऊन भेटली होती. भोपाळहून इंदूरच्या वाटेला लागले की चाळीस किलोमीटरांच्या आत सीहोर लागते. तेथे भोपाळ दरबाराकडील इंग्रज पोलिटिकल एजंट लॅन्सलॉट विल्किन्सन राहत असे. इथल्या लोकांना नवे ज्योतिष व गणित शिकवावयाचे तर त्यांच्याच सिद्धान्तग्रंथांच्या पायरीवरून चढविले पाहिजे, असे त्याचे मत होते व ते त्याने १८३४ साली लेख लिहून मांडले. त्याच्या शाळेशी संबंधित सुबाजी बापू यांनी १८३६ साली मराठीत ‘सिद्धांतशिरोमणिप्रकाश’ हा ग्रंथ लिहिला. पुढे १८३८ मध्ये बापूदेवशास्त्री नावाचा पुण्याकडचा तरुण नागपूरहून येथे आला. नागपुरास ढुंढिराज मिश्रांपाशी त्याची लीलावती व बीजगणित झाले होते. सीहोरास सिद्धान्तांच्या जोडीला युरोपीय गणित विल्किन्सनने शिकविले. १८४१ साली विल्किन्सन वारला; १८४२ मध्ये बापूदेव काशीच्या संस्कृत महाविद्यालयात अध्यापक झाले. गुरूने केलेले भास्कराचार्यांच्या गोलाध्यायाचे इंग्रजी भाषांतर शिष्याने तपासून दिले, ते १८६१ मध्ये छापून निघाले. साहेबाचे भाषांतर पुण्याच्या पंडिताने तपासावे, या गोष्टीचे मला फार अप्रूप वाटते.

आता लीलावतीतील एक उदाहरण, जे मी फळ्यावर लिहीत नाही. १६ वर्षांच्या स्त्रीला ३२ निष्क मिळतात, तर २० वर्षांच्या स्त्रीला किती? वय वाढले की किंमत उतरते, म्हणून व्यस्त त्रैराशिक. उत्तर २५ निष्क आणि तीन-पंचमांश. लगेच पुढे नांगराच्या बैलाचे गणित आहे. बाजारात माणूस विकला जाई, त्या काळचा हा हिशेब आहे, आणि तो केवळ आपल्याच देशात होता असे नाही.

एके वर्षी मी हे उदाहरण वर्गात तोंडी सांगितले. एका मुलीने वहीत काहीतरी मांडले आणि विचारले, “सर, मग ४० व्या वर्षी १२ निष्क आणि चार-पंचमांश. माझी आई ४० वर्षांची आहे. हे कोणी ठरवले?”

गणित तिचे अचूक होते. नियमाकडे तिच्या प्रश्नाचे उत्तर नव्हते, कारण वय दुप्पट झाले की किंमत बरोबर निम्मी होते ही गोष्ट नियमाने सांगितलेली नाही. ती बाजाराने सांगितली आणि नियमाने मुकाट्याने मान्य केली. गवंड्यांचेही तसेच आहे. १२ गवंड्यांऐवजी १,२०० लावले तर भिंत एका दिवसाच्या दहाव्या हिश्श्यात उभी राहील, असे त्रैराशिक बिनदिक्कत सांगते. त्या भिंतीपाशी इतक्यांना उभे राहावयासही जागा नसते.

त्या दिवसापासून मी मुलांना गुणा किंवा भागा असे आधी सांगत नाही. वहीच्या समासात एक ओळ लिहावयास लावतो : काय वाढले, काय घटले, आणि हे आपणास कोणी सांगितले. साडेबारा दिवसांचे उत्तर अजूनही येते. पण परवा एकाने ते लिहिले, समासाकडे पाहिले, आणि मी काही बोलण्याआधी स्वतःच खोडले.