कोबेचे घर आणि शनिवारचा प्रश्न

जपानात यहुदी किती, असे कोणी विचारले तर आपण हसून म्हणतो, मिन्यान जमला तरी पुष्कळ. पण त्या देशातही सेफेर तोरा उघडली जात होती, आणि तीही मोठ्या दगडी मशिदीत नव्हे, तर चारचौघांसारख्या एका घरात. नागासाकीला १८९६ साली सिनेगॉग झाले होते, पण तेथील वस्ती ओसरली आणि तेही गेले. आम्हाला आज सांगायचे आहे ते कोबेच्या घराविषयी.

कोबे बंदर १८६८ साली परदेशी व्यापाराला खुले झाले. बगदाद, सीरिया आणि रशियाकडील यहुदी तेथे येऊन राहिले. १९२३ च्या भूकंपाने योकोहामा उद्ध्वस्त झाले तेव्हा तेथील यहुदी आणि हिंदी व्यापारी दोघेही कोबेला सरकले. डोंगरउतारावरच्या कितानो भागात त्यांची घरे होती. तेथे १८९२ सालचे एक 'ससून घर' आजही दाखवतात. मुंबई-पुण्याच्या आपल्या वाचकांच्या मनात लगेच भायखळ्याचे मागेन डेव्हिड आणि पुण्याचे लाल देऊळ येईल. पण ते ससून सीरियाकडील व्यापारी. आपले डेव्हिड ससून १८६४ सालीच वारले. नावे सारखी म्हणजे घराणे एक, असे नव्हे.

रशियाकडून आलेल्या आश्केनाझी मंडळींनी १९३७ मध्ये आपली संस्था उभी केली. तिचा तारेचा पत्ता होता 'ज्यूकॉम', आणि पुढे लोक संस्थेलाच ज्यूकॉम म्हणू लागले. यामामोतो-दोरी भागातले एक घर हेच त्यांचे सिनेगॉग, कचेरी आणि बैठकीची जागा. कुटुंबे मोजकीच. आपल्या कोकणात मशिदी होण्यापूर्वी एखाद्याच्या ओटीवरच नमाज होई, तशातलाच हा प्रकार म्हणायचा.

मग १९४० साल उजाडले. लिथुआनियात कौनास येथे डच प्रतिनिधी यान झ्वार्टेंडाइक यांनी क्युरासाओच्या नावाने कागद दिले आणि जपानी वकील चिउने सुगिहारा यांनी त्यावर जपानमधून जाण्याचे व्हिसा. सुगिहारांच्या यादीत २,१३९ नावे आहेत. ही माणसे आगगाडीने सैबेरिया ओलांडून व्लादिवोस्तोकला आली, तेथून बोटीने त्सुरुगाला, आणि मग रेल्वेने कोबेला. त्सुरुगात एका स्नानगृहाच्या मालकाने त्यांना एक दिवस फुकट आंघोळ करू दिली, असे तेथील लोक सांगतात. आयुष्य रुग्णसेवेत गेल्यामुळे असेल, पण आम्हाला या साऱ्या हकीकतीत ते गरम पाणी फार मोठे वाटते.

कोबेच्या मूठभर यहुद्यांपुढे हजारो पाहुणे उभे राहिले. त्यांनी घरे भाड्याने घेतली, जेवण लावले, न्यूयॉर्कच्या जॉइंट संस्थेकडून पैसे मागवले. व्हिसाची मुदत थोडक्या दिवसांची. तेव्हा हिब्रूचे जपानी पंडित सेत्सुझो कोत्सुजी यांनी पोलिसांशी बोलून मुदती वाढवून घेतल्या. हेच गृहस्थ १९५९ साली जेरुसलेमला येऊन यहुदी झाले, आब्राहाम नाव घेतले, आणि १९७३ मध्ये जेरुसलेमच्याच मातीत विसावले.

आलेल्यांत मीर येशिवाचे विद्यार्थी होते. त्यांनी भलताच प्रश्न काढला: येथे शब्बाथ कोणता? दिनांकाची रेषा कोठे धरायची यावर रब्बींत मतभेद होता. बेने ब्राकचे हझोन इश यांच्या मते कोबेचा रविवार हाच शब्बाथ, म्हणून कित्येक जण दोन दिवस काम टाळीत. ज्यांना कोकणात शनिवार तेली म्हणून ओळखले, त्या आपल्याला हे ऐकून गंमत वाटेल. घाण्याचा बैल शनिवारी सोडणारे आपले पूर्वज एवढे तरी ठामपणे जाणत होते की आज शनिवार आहे! पण गोष्ट थट्टेची नव्हती, कारण दारफाळणीचा सण, योम किप्पूर, जवळ येत होता. जेरुसलेमला तार गेली. तेथील रब्बींच्या सभेने १ ऑक्टोबर १९४१, बुधवारी उपवास करावा असे ठरवले. हझोन इश यांनी गुरुवार सांगितला. दोन्ही दिवस पाळणारेही निघाले असतील, असे आमचे अनुमान.

शरदापर्यंत ज्यांना अमेरिका, कॅनडा, पॅलेस्टाइन मिळाले ते गेले. उरलेल्या सुमारे हजारांना शांघायला नेण्यात आले. कोबेला थांबून गेलेल्यांत झोराह वारहाफ्तिग नावाचे एक पोलिश वकील होते. ते पुढे १९४८ साली इस्रायलच्या स्वातंत्र्याच्या जाहीरनाम्यावर सही करणाऱ्यांत आले आणि १९६१ पासून १९७४ पर्यंत धर्मखात्याचे मंत्री होते. म्हणजे १९६४ च्या उन्हाळ्यात आपली माणसे लग्नाच्या निर्बंधांविरुद्ध जेरुसलेममध्ये ठाण मांडून बसली होती, तेव्हाही तेच मंत्री. त्या वर्षी १७ ऑगस्टला क्नेसेटमध्ये सरकारने बेने इस्राएल हे सर्वार्थाने यहुदीच असल्याचे जाहीर केले, तेव्हा कोठे आपल्या घरांतून चूल शांतपणे पेटली. कोबेच्या दारात आलेल्यांना आत घेताना त्यांची आजी कोण, पणजी कोण, असे कोणी विचारल्याचे आमच्या वाचनात नाही.

ते घर १९४५ च्या हवाई हल्ल्यांत जळाले. १९४१ साली ओसाकाच्या तानपेई छायाचित्र मंडळाच्या सभासदांनी निर्वासितांची चित्रे काढली होती, त्यांत घराबाहेरचे चेहरे दिसतात. १९७० साली कितानोतच 'ओहेल शेलोमो' सिनेगॉग उभे राहिले. टोकियोच्या मंडळींनी १९५३ मध्ये आपली संस्था काढली आणि २००९ मध्ये फुमिहिको माकी यांनी आखलेल्या नव्या इमारतीत ती आली. कोबेच्या त्या जुन्या जागी मात्र दगडी भिंतीचा थोडा भाग उरला आहे. जुन्या छायाचित्रांतले दगड जुळवून तो ओळखला गेला.