अपघातानंतरची फेरतपासणी आणि कागदावरचे कोड: रुग्णांनी काय पाहावे?

रस्त्यावरच्या अपघातातून बरे होताना घरात एक फाईल जाड होत जाते. डिस्चार्ज कार्ड, एक्स-रे, औषधांच्या चिठ्ठ्या, फिजिओथेरपीच्या पावत्या. यातल्या काही कागदांवर निदानाशेजारी एक इंग्रजी अक्षर आणि दोन-तीन आकडे असतात, उदाहरणार्थ एस८२.२. हे हॉस्पिटलचे आतले काम समजून बहुतेक जण तिकडे पाहतही नाहीत. विमा कंपनीत किंवा टीपीएकडे बसलेला माणूस मात्र तुम्हाला तपासत नाही, तो हे कागद वाचतो. त्याच्या लेखी तुमची दुखापत म्हणजे हा कोड आणि शेजारचे दोन शब्द.

हे कोड येतात कुठून?

जागतिक आरोग्य संघटनेने आजार आणि दुखापतींची एक मोठी यादी केली आहे, तिला आयसीडी म्हणतात. तिची अकरावी आवृत्ती १ जानेवारी २०२२ पासून लागू झाली, पण आपल्याकडे विम्याच्या क्लेम फॉर्मवर अजून आयसीडी-१० चा रकाना दिसतो. म्हणून या लेखातले कोड दहाव्या आवृत्तीतले आहेत.

अपघाताच्या रुग्णाला साधारण तीन प्रकारचे कोड लागतात. ‘एस’ने सुरू होणारा कोड दुखापत शरीरात कुठे आहे ते सांगतो. ‘व्ही’ने सुरू होणारा, ती कशी झाली ते सांगतो. आणि ‘झेड’चा कोड सांगतो की रुग्ण आज नव्या आजारासाठी नाही, आधीच्या उपचाराच्या पुढच्या टप्प्यासाठी आला आहे.

समजा, मोटरसायकल घसरून नडगीचे हाड मधोमध मोडले. हाडासाठी एस८२.२, आणि दुसऱ्या वाहनाची धडक नसताना दुचाकीस्वार जखमी झाला म्हणून व्ही२८. ऑपरेशन करून रॉड घातला. पुढे ड्रेसिंग किंवा टाके काढण्यासाठी झेड४८.०, फिजिओथेरपीसाठी झेड५०.१, आणि हाड जुळल्यावर रॉड काढायचा ठरला तर झेड४७.०. हाड जुळलेच नाही तर एम८४.१, वाकडे जुळले तर एम८४.०.

हे पाठ करण्याची गरज नाही. डावा की उजवा हे मात्र या दहाव्या आवृत्तीच्या मूळ कोडमध्ये येत नाही, म्हणून निदानात ते शब्दांत लिहिलेले आहे का, एवढे जरूर पाहा. एका कागदावर डावा पाय आणि दुसऱ्यावर उजवा, एवढ्यावरून क्लेम अडकतो.

‘घरात पडले’ असे लिहून घेऊ नका

हा भाग सर्वांत महत्त्वाचा. पोलीस, जबाब, एमएलसी यांची कटकट नको म्हणून काही नातेवाईक हॉस्पिटलात ‘जिन्यावरून पडले’ असे सांगतात. कधी लायसन्स नसते, कधी गाडी दुसऱ्याची असते. मग कारणाचा कोड ‘व्ही’ऐवजी ‘डब्ल्यू’चा लागतो, कारण घरातल्या पडण्याचे कोड त्या अक्षराने सुरू होतात. तीन महिन्यांनी खर्च वाढतो, नोकरीवर जाता येत नाही, आणि भरपाईचा विचार सुरू होतो. मोटार अपघात दावा न्यायाधिकरणापुढे समोरचा वकील पहिला कागद तोच काढतो, कारण तो अपघाताच्या दिवशीचा असतो.

हॉस्पिटलने भरायच्या क्लेम फॉर्मच्या भागातही दुखापत रस्ता अपघातामुळे आहे का, एमएलसी झाली का, पोलिसांना कळवले का, असे सरळ प्रश्न असतात. पहिल्या दिवशी खरे सांगणे कटकटीचे असते हे मला मान्य आहे. पण नंतर डॉक्टर तो इतिहास बदलून देऊ शकत नाही, आणि देऊही नये. न्यायाधिकरणात जायचे असेल तर वकिलाला लवकर भेटा. मोटार वाहन कायद्यातील २०१९ च्या दुरुस्तीने अर्जासाठी अपघातापासून ६ महिन्यांची मुदत घातली आहे.

फेरतपासणीचा खर्च कुठे अडतो?

मे २०२५ मध्ये केंद्र सरकारने अधिसूचित केलेल्या कॅशलेस योजनेत नेमलेल्या रुग्णालयांत दीड लाख रुपयांपर्यंतचा उपचार होतो, पण अपघातापासून जास्तीत जास्त ७ दिवस. त्यानंतरच्या फेऱ्या त्यात नाहीत. आरोग्य विम्यात डिस्चार्जनंतरचा खर्च पॉलिसीप्रमाणे ६०, ९० किंवा अधिक दिवस मिळतो, पण तो त्याच दुखापतीशी जोडलेला असावा लागतो.

गोची इथे होते. तुम्ही गुडघा दुखतो म्हणून ओपीडीत जाता, गर्दी असते, चिठ्ठीवर फक्त ‘गुडघेदुखी’ लिहिले जाते. वाचणाऱ्याला वाटते, हा वेगळाच आजार. म्हणून डिस्चार्ज कार्ड प्रत्येक वेळी बरोबर न्या आणि सांगा, “डॉक्टर, अमुक तारखेच्या अपघाताची फेरतपासणी असे लिहाल का?” कोणताही डॉक्टर याला नाही म्हणणार नाही. फिजिओथेरपीसाठीही डॉक्टरांची चिठ्ठी हवी, नुसत्या पावत्या पुरत नाहीत.

काही वर्षांनी याच गुडघ्याची झीज झाली तर अपघातानंतरच्या झिजेला एम१७.३ हा वेगळा कोड आहे. वयोमानाच्या झिजेवरच्या सांधेरोपणाला बऱ्याच पॉलिसींत प्रतीक्षा काळ असतो, अपघातातून उद्भवलेल्या दाव्याला तो लागू होत नाही. त्यामुळे जुन्या अपघाताचा एक्स-रे फेकू नका.

डोक्याला मार लागला असेल तर

मेंदूला हादरा बसल्यावर काही आठवडे डोकेदुखी, चक्कर, विसराळूपणा, चिडचिड राहू शकते. त्याचा कोड एफ०७.२ आहे. ‘एफ’ हे मानसिक व वर्तनविषयक आजारांचे प्रकरण असल्याने घरचे घाबरतात आणि तो काढून टाकायला सांगतात. तसे करू नका. हा मेंदूच्या दुखापतीचा परिणाम आहे, रुग्णाला वेड लागल्याचा शिक्का नव्हे. मात्र वाढत जाणारी डोकेदुखी, वारंवार उलट्या, झटका, बोलण्यात अडखळणे किंवा झोपेतून उठवता न येणे यांपैकी काहीही दिसले तर कोड-कागद बाजूला ठेवून थेट कॅज्युअल्टीत जा.

नातेवाईक अमेरिकेत असतील तर

तिथल्या कोडला शेवटी आणखी एक अक्षर जोडलेले असते. ‘ए’ म्हणजे मुख्य उपचार चालू, ‘डी’ म्हणजे त्यानंतरची फेरतपासणी, ‘एस’ म्हणजे मागे राहिलेला परिणाम. बिलावर त्या मोडक्या हाडाचा कोड पुन्हा दिसला म्हणून दुसऱ्यांदा फ्रॅक्चर झाले असे समजू नये.

चूक आढळली तर

स्वतः पेनाने दुरुस्ती करू नका, खाडाखोड झालेला कागद सगळ्यांनाच संशयास्पद वाटतो. हॉस्पिटलच्या मेडिकल रेकॉर्ड विभागात लेखी अर्ज द्या. सोबत एक्स-रे किंवा ऑपरेशन नोटची प्रत जोडा. दुरुस्त प्रतीवर डॉक्टरांची सही, शिक्का आणि त्या दिवसाची तारीख घ्या. जुनी प्रतही जपून ठेवा, क्लेम आधीच पाठवला असेल तर दोन्ही प्रती टीपीएला द्याव्या लागतात.