मुदतीचा कायदा आणि विलंबमाफी : सातारा-सांगली परिसराच्या संदर्भात एक ऐतिहासिक दृष्टिक्षेप

प्रस्तावना :
न्याय मागण्यास कालमर्यादा असावी, हे तत्त्व सर्वमान्य आहे. पुरावा नष्ट झालेले जुने वाद पुन्हा उकरले जाऊ नयेत, हा त्यामागील हेतू होय. मात्र ही मर्यादा कोणास जाचक ठरते, हे पक्षकारांच्या बळावर अवलंबून असते. प्रस्तुत लेखात १८५९ चा मुदतीचा कायदा आणि १९८५ चा प्रशासकीय न्यायाधिकरण कायदा यांच्या आधारे या प्रश्नाचा विचार केला आहे.

कर्जरोख्यांची मुदत :
१८५९ च्या कायद्याने नोंदणी नसलेल्या कर्जरोख्यावरील दाव्यास तीन वर्षांची मुदत घातली. त्यामुळे ऋणकोस संरक्षण मिळेल, अशी अपेक्षा होती. प्रत्यक्षात मुदत संपत आली की सावकार थकलेले व्याज मुद्दलात मिळवून नवा रोखा लिहून घेई. शेतकऱ्याने नकार दिल्यास दाव्याची धास्ती असे. १८७५ च्या दख्खनच्या दंग्यांत लोकांचा रोख या रोख्यांवरच होता. तेव्हा सातारा जिल्ह्यात असलेल्या व आज सांगली जिल्ह्यात मोडणाऱ्या कुकरूड येथेही सप्टेंबर १८७५ मध्ये सावकाराचे कागद जाळण्यात आले. दंग्यांच्या चौकशी आयोगाने मुदतीच्या कायद्याच्या या दुष्परिणामाची दखल घेतली. पुढे १८७९ च्या दख्खन शेतकरी साहाय्य कायद्याने पुणे, सातारा, सोलापूर व अहमदनगर या जिल्ह्यांत शेतकऱ्यांवरील अशा दाव्यांची मुदत वाढविली.

न्यायाधिकरणातील मुदत :
स्वातंत्र्योत्तर काळात हाच प्रश्न सेवाविषयक वादांत उभा राहिला. महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरण १९९१ मध्ये स्थापन झाले. सांगली व सातारा येथील राज्य कर्मचाऱ्यांना त्यासाठी मुंबई गाठावी लागते. १९८५ च्या कायद्यातील कलम २१ नुसार अंतिम आदेशापासून एक वर्षात अर्ज करणे आवश्यक आहे. अपील वा निवेदन अनिर्णित राहिल्यास सहा महिने वाट पाहावी व त्यानंतर एक वर्षात अर्ज करावा, अशी तरतूद आहे. पुरेसे कारण दाखविल्यास विलंब माफ होऊ शकतो.

सर्वसामान्य कर्मचारी मात्र एकामागून एक स्मरणपत्रे पाठवीत राहतो. आपले प्रकरण त्यामुळे जिवंत आहे, अशी त्याची समजूत असते. एस. एस. राठोड प्रकरणात (१९८९) सर्वोच्च न्यायालयाच्या सात न्यायाधीशांच्या पीठाने कायद्यात तरतूद नसलेल्या वारंवार निवेदनांनी मुदत वाढत नाही, असे स्पष्ट केले. तरसेम सिंग प्रकरणात (२००८) निवृत्तिवेतनासारख्या सातत्याने होणाऱ्या अन्यायात विलंबानंतरही दाद मिळू शकते, हे मान्य झाले; परंतु थकबाकी सामान्यतः अर्जापूर्वीच्या तीन वर्षांपुरती सीमित केली गेली. म्हणजे हक्क टिकला तरी विलंबाची किंमत कर्मचाऱ्यासच मोजावी लागते.

शासनाच्या विलंबाबाबतही न्यायालयाची भूमिका बदलत गेली. काटिजी प्रकरणात (१९८७) उदार दृष्टिकोनाचा पुरस्कार झाला. लिव्हिंग मीडिया प्रकरणात (२०१२) मात्र टपाल खात्याचा ४२७ दिवसांचा विलंब माफ करण्यास नकार देण्यात आला. फाईल टेबलांवरून फिरत होती, हे पुरेसे कारण मानले गेले नाही.

विश्रामबागसारख्या शैक्षणिक परिसरातील खासगी महाविद्यालयांच्या अध्यापकांसाठी वेगळे न्यायाधिकरण आहे. तेथे बडतर्फीसारख्या आदेशाविरुद्ध अपिलाची मुदत अवघी ३० दिवसांची आहे. व्यवस्थापनाशी बोलणी चालू असतानाच ती संपून जाते.

निष्कर्ष :
१८५९ चा शेतकरी आणि आजचा कर्मचारी यांची परिस्थिती एकसारखी नाही. तथापि दोन्ही ठिकाणी कायद्याची मुदत ओळखून वागणाऱ्या पक्षाचे पारडे जड झाले. १८७९ मध्ये मुदतच वाढविण्यात आली. आज तेवढ्याची गरज नाही. प्रत्येक प्रतिकूल आदेशातच अपिलाचे ठिकाण व शेवटची तारीख नमूद करणे बंधनकारक व्हावे. तसेच पुरेशा कारणाचा विचार करताना कार्यालयाच्या मौनामुळे किती काळ गेला, हेही तपासले जावे. मुदतीचे तत्त्व त्याने दुर्बल न होता अधिक न्याय्य होईल.