पवनार : पायी पाहायचे गाव

(नभोवाणीवरील भाषणाचा संपादित अंश)

पॅरिसमध्ये मोंमार्त्रची टेकडी आहे, लंडनमध्ये ब्लूम्सबरी आहे, न्यूयॉर्कमध्ये ग्रीनिच व्हिलेज आहे. या वस्त्यांमधून वाटाडे प्रवाशांना पायी हिंडवून आणतात. या खोलीत अमुक चित्रकार उपाशीतापाशी राहिला, त्या घरात तमुक लेखिका आणि तिचे मित्र रात्र रात्र वाद घालीत, असे सांगतात. अशा वस्त्यांना 'बोहेमियन' म्हणतात. या शब्दाची कथा गमतीची आहे. युरोपातले भटके लोक बोहेमिया प्रांतातून आले अशी फ्रेंचांची समजूत होती, म्हणून ते त्यांना बोहेमियन म्हणत. पुढे १८५१ मध्ये आँरी म्युर्जे या लेखकाचे पॅरिसमधल्या फटिंग कलावंतांवरचे पुस्तक आले आणि हे नाव त्या कलावंतांना चिकटले. घर, लग्न, नोकरी, अब्रू यांची चारचौघांनी आखलेली चौकट नाकारून, गरिबी पत्करून, आपल्यासारख्याच चार जणांच्या सोबतीने जगणारा तो बोहेमियन.

आपल्याकडे अशी वस्ती कोणती, असे कोणी विचारले तर मी पवनारचे नाव सांगतो. ऐकणारा हसतो. पवनार म्हणजे विनोबांचा आश्रम. तिथे पहाटेची प्रार्थना, खादी, मौन, ब्रह्मचर्य. पॅरिसच्या मद्यालयांशी त्याचा संबंध काय? वरवर पाहता काहीच नाही. पण चौकट नाकारण्याचा प्रश्न निघाला, तर महाराष्ट्रातला विसाव्या शतकातला एक धीट प्रयोग वर्ध्यापासून आठ-नऊ किलोमीटरवर, नागपूरच्या रस्त्याला, धाम नदीच्या काठी झाला. तो बायकांनी केला, आणि पवनारला जाऊन आलेल्या बहुतेकांना तो दिसलेलाच नसतो.

न दिसण्याचे कारण साधे आहे. सेवाग्राम पाहून गाड्या पवनारला येतात. लोक विनोबांची खोली पाहतात, समाधीला नमस्कार करतात, घाटावर फोटो काढतात आणि वीस मिनिटांत परत गाडीत बसतात. म्हणून विद्यार्थ्यांना घेऊन जाताना मी गाडी गावातच सोडायला लावतो. गावापासून नदीपर्यंत, आणि नदी ओलांडून टेकडीपर्यंत पायी जायचे असा आमचा नेम आहे.

सुरुवात गावातून करायची. आपल्या खेड्यात शेताला 'काळी' आणि वस्तीच्या जागेला 'पांढरी' म्हणतात. पवनारची पांढरी फार जुनी आहे. १९६७ मध्ये नागपूर विद्यापीठातर्फे शां. भा. देव आणि म. के. ढवळीकर यांनी इथे उत्खनन केले, तेव्हा एकावर एक साचलेले वस्तीचे थर उघडे झाले. महामहोपाध्याय वा. वि. मिराशी यांच्या मते हे पवनार म्हणजेच वाकाटकांचे प्रवरपूर. पाचव्या शतकात दुसऱ्या प्रवरसेनाने रामटेकजवळच्या नंदिवर्धनाहून आपली राजधानी प्रवरपुराला हलवली. ही राजधानी पवनारला नसून मनसरला असावी, असे मनसरच्या उत्खननानंतर काही संशोधक म्हणू लागले. तो वाद मिटलेला नाही. पण वाकाटकांच्या काळात इथे नांदते गाव होते आणि चांगले शिल्पकार काम करीत होते, याचा पुरावा टेकडीवर आपली वाट पाहत असतो. पुढे 'ऐन-ए-अकबरी'त वऱ्हाड सुभ्याच्या सरकारांमध्ये, म्हणजे जिल्ह्यांमध्ये, पवनारचे नाव येते. गावातून चालताना जुन्या किल्ल्याचे अवशेष दिसतात ते या मधल्या काळाची आठवण देतात.

आता नदी. १९३८ च्या मार्चमध्ये विनोबा ही नदी ओलांडून पलीकडे राहायला आले. प्रकृती पार ढासळली होती. गांधीजींनी हवापालट सुचवला होता, आणि जमनालाल बजाजांचा लाल बंगला टेकडीवर रिकामा होता. धामच्या पलीकडचे म्हणून विनोबांनी त्या जागेला 'परंधाम' नाव दिले. या शब्दावर विद्यार्थी नेहमी थबकतात. त्यांना त्यात मोक्ष दिसतो. तोही आहेच, पण आधी साधा भूगोल आहे.

याच पात्रात १२ फेब्रुवारी १९४८ रोजी गांधीजींच्या अस्थींचे विसर्जन झाले. त्या दिवशी दरवर्षी इथे मेळा भरण्याची प्रथा पडली. येणाऱ्याने हार-नारळ आणायचा नाही, स्वतः कातलेल्या सुताची गुंडी आणायची, असा विनोबांचा आग्रह होता.

टेकडीवर चढले की शिल्पे भेटतात. विनोबा शेतात खणत असताना पहारीला दगड लागला. माती झाडली तर भेटीचा प्रसंग कोरलेली शिळा निघाली. विनोबांनी तिच्यात भरत-राम भेट पाहिली. १९३२ मध्ये धुळ्याच्या तुरुंगात गीतेवर बोलताना, बाराव्या अध्यायाच्या प्रवचनात त्यांनी याच भेटीच्या चित्राची कल्पना रंगवली होती. ते चित्र जमिनीतून वर यावे, याचे त्यांना किती अप्रूप वाटले असेल! त्यांनी तिथेच भरत-राम मंदिर केले. नंतर आणखी शिल्पे निघाली. कोणत्या शिळेवर नेमका कोणता प्रसंग आहे याबद्दल अभ्यासकांचे एकमत नाही. पण रामाने सेतू बांधल्याची कथा सांगणारे 'सेतुबंध' हे महाराष्ट्री प्राकृतातले काव्य ज्या प्रवरसेनाच्या नावावर आहे, त्याच्याच मानल्या गेलेल्या राजधानीत ही शिल्पे सापडावीत, हा योग मोठा आहे.

याच टेकडीवरून माणसे चालत बाहेर पडली. १७ ऑक्टोबर १९४० रोजी वैयक्तिक सत्याग्रहाचे पहिले सत्याग्रही म्हणून विनोबांनी पवनारला भाषण केले. १९५० च्या सुमारास इथे कांचनमुक्तीचा प्रयोग झाला. पैसा वापरायचा नाही, बैलही जुंपायचा नाही. तरुण मुले स्वतः रहाट फिरवून विहिरीचे पाणी काढीत. १९५१ च्या मार्चमध्ये विनोबा हैदराबादजवळच्या शिवरामपल्लीच्या संमेलनाला पायी निघाले. १८ एप्रिलला पोचमपल्लीत भूमिहीन दलितांनी ८० एकर जमीन मागितली, रामचंद्र रेड्डींनी १०० एकर देऊ केली, आणि भूदान सुरू झाले. पुढची तेरा वर्षे हा माणूस देशभर चालत राहिला. १९६४ च्या एप्रिलमध्ये तो पवनारला परतला, तोवर या टेकडीचे रूप बदललेले होते.

कारण २५ मार्च १९५९ रोजी इथे ब्रह्मविद्या मंदिराची स्थापना झाली होती. तेव्हा विनोबा राजस्थानात पदयात्रेवर होते. बायकांमधून शंकराचार्यांच्या तोडीची ज्ञानी आणि विरक्त व्यक्ती निघाल्याशिवाय त्यांचा खरा उद्धार होणार नाही, असे त्यांचे मत होते. ती कोणा पुरुषाच्या कृपेने निघणार नाही, म्हणून बायकांनी स्वतंत्रपणे, सामूहिक साधना करीत राहावे अशी त्यांची कल्पना. आसामपासून कर्नाटकापर्यंतच्या निरनिराळ्या प्रांतांतून मुली आल्या. काही भाऊही राहिले, पण कारभार बहिणींचा.

१९५९ साल डोळ्यांपुढे आणा. शिकलेल्या मुलीने लग्न न करणे म्हणजे घरावर डाग. 'तिचे काही जमले नाही' हेच त्याचे एकमेव स्पष्टीकरण. अशा वेळी या मुली आईबापांना सांगून, काही न जुमानता, इथे आल्या आणि नोकरचाकर न ठेवता जगू लागल्या. स्वयंपाक, झाडलोट, मैलासफाई, शेती, सूत कातणे, सगळे स्वतः. छापखाना चालवला तोही बहिणींनीच. खिळे जुळवण्यापासून पुस्तके बांधण्यापर्यंत. विनोबांची पुस्तके आणि 'मैत्री' हे हिंदी मासिक इथेच छापले गेले.

हा छापखाना नुसता भक्तीचा नव्हता. आणीबाणीच्या काळात 'अनुशासन पर्व' या विनोबांच्या शब्दांवरून बरीच टीका झाली, सरकारने त्या शब्दांचा वापरही करून घेतला. पण १९७६ मध्ये गोहत्याबंदीसाठी उपोषण करण्याचा विनोबांचा संकल्प 'मैत्री'त छापला गेला, तेव्हा पोलिसांनी याच आश्रमात येऊन अंक जप्त केले. ही गोष्ट सांगितली की मुले खोलीकडे वेगळ्या नजरेने पाहू लागतात.

एकदा एका विद्यार्थिनीने आश्रमातल्या वयस्क ताईंना विचारले, "ताई, इथे मुख्य कोण?"

"मुख्य कोणी नाही."

"मग एखादी गोष्ट ठरते कशी?"

"सगळ्यांचे एकमत झाले की ठरते."

"आणि नाही झाले तर?"

"तर थांबायचे," ताई म्हणाल्या. "घाई कशाची आहे?"

बहुमत नाही, अध्यक्ष नाही. एकीचा जरी विरोध असला तरी निर्णय पुढे ढकलायचा. सोसायटीच्या सभेला गेलेल्या कोणालाही विचारा, हे किती अवघड आहे ते!

या बहिणींना पूर्वज नव्हते असे नाही. तेराव्या शतकात चक्रधरांनी महानुभाव पंथात बायकांना संन्यासाचा अधिकार दिला, आणि 'धवळे' रचणारी महदाइसा त्याच परंपरेतली. मुक्ताबाई, जनाबाई तर सर्वांच्याच ओळखीच्या. पण त्या एकेकट्या, किंवा गुरूच्या छायेत. चाळीस-पन्नास वर्षे एकत्र राहून, मुख्य न नेमता संसाराबाहेरचे घर चालवणाऱ्या बायका आपल्या इतिहासात फारशा सापडत नाहीत. विनोबांच्याच प्रेरणेने चार बहिणी १९६७ मध्ये लोकयात्रेला निघाल्या आणि बारा वर्षे देशभर पायी हिंडल्या. विनोबांची पदयात्रा शाळेच्या पुस्तकात आली, ही आली नाही.

या प्रयोगाला प्रश्न विचारता येतात, विचारावेत. स्वातंत्र्याची किंमत म्हणून ब्रह्मचर्यच का द्यावे? मुख्य कोणी नाही म्हणताना विनोबांच्या शब्दाचे वजन किती होते? १५ नोव्हेंबर १९८२ रोजी, अन्न-औषध सोडून, विनोबांनी इथेच देह ठेवला. अनेकांना वाटले, आता हे पांगणार. ते पांगले नाही, बहिणी राहिल्या. दुसऱ्या प्रश्नाचे निम्मे उत्तर मला त्यात दिसते. पहिला प्रश्न मात्र आजच्या मुली विचारतात आणि त्यांचे समाधान होत नाही. नव्या मुली तिकडे राहायला फारशा गेल्या नाहीत, त्यामागे हेही एक कारण असावे. पहिल्या पिढीतल्या बहुतेक बहिणी आता हयात नाहीत.

म्हणून माझी एक विनंती आहे. मोंमार्त्रमध्ये कोण कुठे राहिले याची नोंद भिंतीवर असते. पवनारला शिळांचे वर्णन पुस्तकांत आहे, विनोबांचे शब्द खंडाखंडांत छापलेले आहेत. पण कोणती मुलगी कोणत्या गावाहून, घरी काय सांगून इथे आली, पहिल्या पावसाळ्यात तिने काय सोसले, छापखान्यात कोण काय करी, हे बरेचसे आठवणींतच आहे. वर्धा-नागपूरच्या महाविद्यालयांतल्या इतिहासाच्या विद्यार्थ्यांनी वही घेऊन जावे, ज्या ताई सांगतील त्यांचे सविस्तर लिहून घ्यावे, आणि ते त्यांना वाचून दाखवावे. जाताना गाडी गावातच ठेवावी आणि सकाळी लवकर निघावे. दुपारी तिथे कामाची आणि विश्रांतीची वेळ असते.