धोतर-टोपीतला खलनायक आणि आपण

मंडळी, नायकांबद्दल पुष्कळ बोललं जातं. आज मी बोलणार आहे ते ज्यांचं नाव श्रेयनामावलीत खालच्या बाजूला यायचं, पण तंबूतला प्रेक्षक घरी जाताना शिव्या द्यायचा तो त्यांनाच, अशा नटाबद्दल. निळू फुले.

घरची गरिबी. वडील लोखंडाचं भंगार आणि भाजी विकायचे. निळूभाऊ पुण्याच्या लष्करी वैद्यकीय महाविद्यालयात माळी म्हणून कामाला लागले आणि त्या तुटपुंज्या पगारातला काही हिस्सा राष्ट्र सेवा दलाला द्यायचे. अभिनयाची शाळा म्हणाल तर सेवा दलाचं कलापथक. गावोगाव फिरायचं, वग करायचे, लोक हसले की थांबायचं, नाही हसले की पुढं रेटायचं. पुढं शंकर पाटलांचं ‘कथा अकलेच्या कांद्याची’ गाजलं आणि त्यातून अनंत माने यांच्या ‘एक गाव बारा भानगडी’मध्ये, 1968 साली, झेलेअण्णा मिळाला. वयाची चाळिशी जवळ आली होती तेव्हा. नायक होण्याचं वय नव्हतं, आणि तसा चेहराही नव्हता.

आता इथं जरा थांबू. कारण त्या सालांत महाराष्ट्रात काय घडत होतं ते पाहिल्याशिवाय हा नट कळत नाही. प्रवरानगरचा सहकारी साखर कारखाना 1950 च्या सुमाराला उभा राहिला. 1960 ला राज्य झालं, 1962 ला जिल्हा परिषदा आणि पंचायत समित्या आल्या. वतनं गेली, पण वाडा गेला नाही. वाड्यात चेअरमन राहायला आला. जुन्या चित्रपटातला सावकार नुसता व्याज मागायचा. या नव्या माणसाच्या हातात बँक, कारखाना, शाळा, पोलीस पाटील, सगळंच. मराठी पडद्याला त्याच्यासाठी चेहरा हवा होता, तो निळूभाऊंनी दिला.

‘सामना’ घ्या. जब्बार पटेलांचा, लेखन विजय तेंडुलकरांचं. निर्माते रामदास फुटाणे आपल्या शेजारच्या जामखेडचे. 1975 साली हा चित्रपट बर्लिनच्या महोत्सवात दाखवला गेला. त्यातला हिंदुराव धोंडे पाटील ओरडत नाही. डॉ. लागूंच्या दारुड्या मास्तराला तो घरी आणतो, जेवू घालतो, पाजतो, आदरानं बोलतो. बळी गेलेल्या मारुती कांबळेचं नाव निघालं की मात्र डोळे अर्धवट मिटतात आणि आवाज आणखी खाली जातो. खलनायकानं आवाज खाली नेला की प्रेक्षक पुढं वाकून ऐकतो. ही युक्ती कलापथकात शिकलेली असणार, असं मला वाटतं.

बीडमध्ये हे सांगताना एक गोष्ट विसरता येत नाही. दसरा-दिवाळीनंतर आपल्या पाटोदा, आष्टी, शिरूर, धारूर, वडवणीतून गाड्या भरून माणसं ऊस तोडायला जातात. मुकादमाकडून उचल घ्यायची, नवरा-बायको मिळून एक कोयता धरायचा, उन्हाळा लागल्यावर परतायचं. ती माणसं जातात कुठं? हिंदुरावाच्याच उसात. ‘सामना’मध्ये आपला तोडणी कामगार मध्यवर्ती नाही, ही माझी तक्रार आहेच. पण पडद्यावरचा तो पांढरा सदरा या लोकांनी जवळून पाहिलेला होता. त्यांना तो खोटा वाटायचं कारण नव्हतं.

पुढं तोच साचा झाला. निर्मात्यांनी त्यांना डझनावारी तेच पाटील, तेच सरपंच दिले, आणि बाईवरचा अत्याचार हा करमणुकीचा भाग करून टाकला. स्त्रिया बोटं मोडायच्या. ते म्हणायचे, ही माझ्या कामाची पावती. आज मोबाइलवर त्यांच्या नावानं ‘वाड्यावर या’ फिरतं. कुठल्या चित्रपटातलं विचारा, सांगणाऱ्याची अडचण होते. ज्या वृत्तीची चीड यावी म्हणून माणूस आयुष्यभर राबला, त्याच वृत्तीवर आपण आता खुशाल हसतो.

साच्याबाहेर त्यांना फार थोड्यांनी पाहिलं. ‘सिंहासन’मधला पत्रकार दिगू टिपणीस (1979) पाहा. सगळं दिसतं, काहीच करता येत नाही, अखेर डोकं फिरतं. रंगभूमीवर ‘सखाराम बाइंडर’. हिंदीत ‘सारांश’मध्ये (1984) गजानन चित्रे हा पुढारी. भूमिका लहान, पण म्हाताऱ्या जोडप्याच्या दारात तो उभा राहिला की घर आक्रसतं. हिंदीनं त्यांना यापलीकडे फारसं काही दिलं नाही.

आणि पडद्याबाहेर? बाबा आढावांच्या ‘एक गाव एक पाणवठा’ चळवळीत, अंधश्रद्धा निर्मूलनाच्या कामात ते होते. कार्यकर्त्यांना मानधन मिळावं म्हणून सामाजिक कृतज्ञता निधी उभा राहिला. त्यासाठी लागू, तनुजा आणि ते गावोगाव ‘लग्नाची बेडी’चे प्रयोग करत हिंडले. ज्या प्रेक्षकांनी शिव्या दिल्या त्यांच्याचकडून तिकिटाचे पैसे घेऊन ते चळवळीत घातले. 13 जुलै 2009 रोजी पुण्यात ते गेले.

प्रश्न असतील तर विचारा. तोडणीवरून आलेलं कुणी इथं बसलेलं असेल, तर आधी त्यांनी बोलावं.