साखरभाताचं कूळ आणि मावळचा तांदूळ

अबुल फजलच्या ‘आईन-इ-अकबरी’त ‘जर्द बिरिंज’ची कृती आहे. तांदूळ १० शेर, खडीसाखर ५ शेर, तूप साडेतीन शेर. बेदाणे, बदाम, पिस्ते प्रत्येकी अर्धा शेर. वर केशर, दालचिनी, थोडं मीठ आणि चक्क आलं. आलं वगळून लवंगा फोडणीला टाका, लिंबू पिळा, की झाला आपला साखरभात. मुघली मुदपाकखान्याशी आपल्या पंगतीची सोयरीक जुळते ती इथे, असं माझं मत. पोर्तुगीजांनी आणलेला अननसही त्याच ग्रंथात आहे, ‘सफरी फणस’ म्हणून. रोप भांड्यात लावून प्रवासात नेता येई म्हणे! आज तोही साखरभातात हक्काने बसलाय.

नारळी भाताचं कूळ मात्र किनाऱ्याचं. मावळातलं तुंगार्ली गाव बोरघाटाच्या माथ्यावर, त्यामुळे इथे ओलं खोबरं कोकणातून वर चढणारच. १८६३मध्ये घाटातून आगगाडी धावू लागली आणि ही चढण सोपी झाली.

तांदूळ तेवढा इथला. मावळाचा जुना मान आंबेमोहोराचा: आखूड दाणा, मऊ भात आणि शिजताना घरभर मोहोराचा वास. पण ताट उंच, वाऱ्यापावसात पीक लोळायचं, उताराही बेताचा. वडगाव मावळच्या भात संशोधन केंद्राने आंबेमोहोर १५७ आणि ठेंगण्या आयआर ८ यांच्या संकरातून इंद्रायणी काढला. १९८७मध्ये तो शेतकऱ्यांच्या हाती आला आणि बघता बघता मावळाची खाचरं त्याने व्यापली.

इंद्रायणी चिकट, आणि गोड भातात खरी परीक्षा तिथेच. दाणा पुरता शिजण्याआधी साखर पडली तर तो आकसून कडक होतो, मग कितीही वाफ द्या, मऊ होत नाही. म्हणून तांदूळ तुपावर परतून, बेताच्या पाण्यात पूर्ण शिजवून परातीत मोकळा करायचा. गार झाला की पाकात घालून मंद आचेवर दम द्यायचा. पाकातलं लिंबू नुसत्या चवीसाठी नसतं, त्याने साखर पुन्हा खडे धरत नाही. बेदाणे तुपात फुगले की लगेच काढा, करपले तर कडू लागतात.

नवा इंद्रायणी गूळ घातलेल्या नारळी भाताला उत्तम. साखरभाताला मात्र वर्षभर मुरलेला जुना आंबेमोहोर मिळाला तर दोन पैसे जास्त मोजून घ्या.